जिजाईचं काम करणारी गौरी

गोठवाली

‘संत तुकाराम’ हा सिनेमा कोणाचा, असं विचारलं की लोक पटकन विष्णुपंत पागनीस म्हणतात. जरा माहीतगार असेल तर दिग्दर्शक दामले-फत्तेलाल. त्याहून मुरलेला असेल तर पटकथेला शिवराम वाशीकर, संगीताला केशवराव भोळे, गाण्यांना शांताराम आठवले, इथपर्यंत जातो. मग विचारा, जिजाई कोणी केली? ‘ती होय, ती भांडखोर बायको... कोण बरं ती?’

तिचं नाव गौरी. नुसतंच गौरी. पुढे बाई नाही, मागे आडनाव नाही. त्या काळच्या नामावळ्या वाचताना मला हे नेहमी टोचतं. पुरुष असला तर पंत, राव, मास्टर, बुवा, काहीतरी चिकटलेलं असतंच. दुय्यम काम करणारी बाई असली की गौरी, मंजू, वासंती, नर्मदा. जणू घरातल्या कामवालीला हाक मारावी तसं.

आपल्या मंचावर हा चर्चेचा धागा तिच्यासाठी काढते आहे. तिच्याबद्दल ठामपणे सांगता येतं ते थोडकंच आहे. ती नाटकातून आलेली नव्हती. ‘प्रभात’ फिल्म कंपनीत ती घोळक्यात उभं राहणाऱ्या एक्स्ट्रांपैकी होती, आणि तिथून पुढे तिला छोट्या-मोठ्या भूमिका मिळत गेल्या. १९३६ मध्ये जिजाई. पुढे ‘कुंकू’ (१९३७) आणि ‘माणूस’ (१९३९) यांच्या नटसंचात तिचं नाव सापडतं. १९४१ च्या ‘संत सखू’त हंसा वाडकर सखू होत्या आणि गौरी तिची सासू. नायिका ती कधीच झाली नाही.

आता माझा तिच्याशी संबंध काय, तर माझी आजी.

आजी वाईकडची. पंधराव्या वर्षी लग्न होऊन ग्वाल्हेरला आली ती थेट लष्कर भागातल्या एका गोठीत. (बाहेरच्यांसाठी: गोठ म्हणजे गुरांचा गोठा नव्हे. शिंद्यांच्या सरदार-मानकऱ्यांच्या वस्त्यांना इथे गोठ म्हणतात. चिटणीस की गोठ वगैरे.) आमच्या घरात सगळं साहेब. आईसाहेब, आबासाहेब, वैनीसाहेब. भाषा अशी की पाणी मागितलं तरी वाटावं फर्मान वाचताहेत, आणि मधूनच ‘मला बाजारात जाणं आहे’ अशी हिंदीची फोडणी. त्यात आजी आली ‘म्या’ आणि ‘न्हाई’ घेऊन. सासूबाईंनी आठवड्याभरात तिचं बोलणं बंद केलं. म्हणजे रागावून नव्हे. फक्त ती बोलली की सगळे एकमेकांकडे बघायचे. तिला घरात ‘आवली’ म्हणायला लागले. आवली म्हणजे तुकोबांची बायको, तेव्हा शिवी नव्हती तरी शिवीच होती.

आजी सांगायची, ‘मी काय चिडायची न्हाई, कारण मी ती बघितली हुती.’ लग्नाआधी जत्रेतल्या तंबूत तिने ‘संत तुकाराम’ पाहिला होता.

माझ्या लहानपणी, ८३ की ८४ साल असेल, आमच्या गल्लीच्या गणपतीत पांढरी चादर बांधून हा सिनेमा दाखवला. आजी पहिल्या रांगेत, सतरंजीवर. मला वाटलं रडेल, हात जोडेल. पागनीस गात होते तेव्हा ती शेजारणीशी बोलत होती. जिजाई आली की गप्प. आणि मधेच मला म्हणाली, ‘ही बघ कशी पदर खोचती. काम करायला खोचती, दाखवायला न्हाई.’

मी तेव्हापासून हा सिनेमा किती वेळा पाहिला असेल देव जाणे. दर वेळी त्या बाईच्या हातांकडे बघते. नवरा देवाच्या नादी, घरात दाणा नाही, पोरं उघडी, आणि ही बाई एकाच वेळी भांडते, काम करते आणि त्याच्या पोटाची काळजी करते. तो डोंगरावर बसलाय म्हणून भाकरी घेऊन त्याच्या मागे जाते. तिथेही भांडतेच. पोरगं आजारी पडल्यावर ती त्याला एका हाताने ओढत आणि दुसऱ्या हातात वहाण घेऊन विठोबाच्या देवळात शिरते, तो प्रसंग. देवाला वहाण दाखवणारी बाई १९३६ च्या पडद्यावर, आणि प्रेक्षक भाविक! त्यांना राग आला नाही. का आला नाही? मला वाटतं गौरीच्या आवाजामुळे. त्यात पाखंड नव्हतं, घरच्या माणसावर ओरडतात तसा ओरडा होता. विठोबा तिच्या लेखी नवऱ्याचा उडाणटप्पू मित्र.

आमच्या शेजारच्या मिश्राइन चाची तिथे होत्या. मराठी ओ की ठो कळत नव्हतं. सिनेमा संपल्यावर आजीला म्हणाल्या, ‘ये तो बिल्कुल हमारी जिज्जी जैसी है।’ आजी म्हणाली, ‘जिज्जी न्हवं, जिजाई.’ त्या रात्री आजी घरी येऊन आबासाहेबांसमोर मोठ्याने ‘न्हाई’ म्हणाली. कशाबद्दल ते आठवत नाही.

तर मुद्दा असा. बोलपट आला म्हणून गौरी आली. मूकपटात ती घोळक्यातच राहिली असती, कारण तिच्याकडे होतं ते बोलणं, आणि ते बोलणं कुठल्याही नाटक कंपनीत शिकवलं जात नव्हतं. पण ज्या बोलण्यामुळे ती आली त्याच बोलण्यात ती अडकली. यावर जाणकारांनी लिहावं.

मोरारचा मुकुंद

वाचतोय. पुभाप्र (पुढील भागाच्या प्रतीक्षेत). आजींना दंडवत.

तंबोरा

गोठवाली ताई, छान लिहिलंत. मी गाण्यातला माणूस, माधव संगीत महाविद्यालयात उमेदवारी केलेला, त्यामुळे ‘संत तुकाराम’ आम्हाला पागनिसांच्या गळ्यासाठी दाखवला गेला. जिजाईकडे लक्ष द्या असं कोणी म्हटलं नाही. तुमच्यामुळे काल रात्री पुन्हा बघितला, फक्त कानाने. म्हणजे चक्क डोळे मिटून.

तुम्ही आवाजाचा मुद्दा काढलात त्याला जोड देतो. १९३१ ला ‘आलम आरा’ आला आणि १९३२ च्या फेब्रुवारीत ‘प्रभात’चा ‘अयोध्येचा राजा’. पहिली चार-पाच वर्षं आपल्याकडे बोलपट म्हणजे बराचसा नाटकाचा आवाज. नाटकात शेवटच्या रांगेतल्या पिटातल्या माणसाला ऐकू जायला हवं म्हणून शब्द फेकायची सवय. तो माणूस मायक्रोफोनपुढे आला तरी फेकतोच. त्यात तेव्हाचा मायक्रोफोन म्हणजे रुसक्या जावयासारखा. जरा मान वळवली की शब्द गेला. कॅमेऱ्याची घरघर पकडू नये म्हणून तो गुंडाळून ठेवायचा. पार्श्वगायनाची सोय १९३५ पर्यंत नव्हती, ती कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सनी सुरू केली. तोवर नट उभा राहून गातोय आणि वाजवणारे चौकटीबाहेर कुठेतरी दडलेत, असा सगळा संसार.

अशा काळात ही बाई मान वळवून, वाकून, चालत चालत बोलते! शब्द फेकत नाही, सांडते. डोळे मिटून ऐकल्यावर मला जाणवलं की तुकोबांचा द्वेष करणारा सालोमालो रंगवणारे भागवत, हे काम झकासच आहे हं, पण त्यांचं वाक्य कुठे सुरू होणार आणि कुठे संपणार हे आधी कळतं. नाटकातली सम. गौरीच्या वाक्याला सम नाही. ती श्वास लागेल तिथे थांबते. आणि दोघं एकाच सिनेमात आहेत म्हणून दोन्ही खुलतात.

हे ज्यांनी होऊ दिलं त्या विष्णुपंत दामल्यांचा मान मोठा. दिग्दर्शनात ते अर्धे भागीदार, पण ‘प्रभात’मध्ये ध्वनिमुद्रण हेच मुळात त्यांचं खातं. ज्याचा कान यंत्रात मुरलाय त्याला अशा आवाजाची किंमत कळली असणार.

अजून एक गंमत, जी फार कमी लोक लक्षात घेतात. विष्णुपंत पागनीस हे नाटकात स्त्रीभूमिका करणारे! म्हणजे पडद्यावर जो तुकाराम शांत, मवाळ, जवळजवळ लाजरा दिसतो तो देह रंगभूमीवर बाई होत आलेला. आणि त्याच्यासमोर बाईचं काम करायला खरोखरची, कष्टाची, रंगभूमीचा वाराही न लागलेली बाई. आधीच्याच वर्षी, १९३५ ला, याच कंपनीच्या ‘धर्मात्मा’त बालगंधर्व पुरुषवेषात एकनाथ झाले होते. स्त्रीपार्टीचं युग कसं संपलं ते शिकवायचं असेल तर हे दोन सिनेमे दाखवावेत.

अवांतर: ‘आधी बीज एकले’ हा तुकोबांचा अभंग नाही, आठवल्यांनी चित्रपटासाठी लिहिलेलं पद आहे. आमच्याकडे भजनी मंडळात तुकोबांचा म्हणून म्हणतात, मी दरवेळी सांगतो, दरवेळी भांडण होतं.

फालका बाजार

सगळ्यांच्या पंचारतीत मी जरा फुंकर मारतो, माफ करा.

जिजाई म्हणजे पुण्याच्या आप्पाजी गुळव्यांची लेक. खाऊनपिऊन सुखी घर. तुकोबांच्या घरीही महाजनकी, बाजारपेठेतली पत. दुष्काळात सगळं गेलं ते वेगळं. म्हणजे ही काही झोपडीतली अडाणी बाई नव्हे. चित्रपटवाल्यांनी तिला गावरान, आरडाओरडा करणारी करून टाकली. आधीच कीर्तनकारांनी तीनशे वर्षं तिची टिंगल केली, सिनेमाने त्यावर शिक्का मारला. गौरीने काम चांगलं केलं हे मान्य, पण त्या चांगल्या कामाने एका खऱ्या बाईवर अन्यायच झाला. आपल्या ढोलीबुवांच्या मठात हरिकथा ऐका, तिथे आवलीचा प्रसंग आला की लोक आधीच हसायला तयार असतात. त्यांच्या डोळ्यापुढे ही गौरीच असते.

गोठवाली

फालका बाजार, फुंकर नाही हो, चांगला विस्तव घातलात.

गुळवे घराण्याचं बरोबर आहे. पण दोन गोष्टी. एक, सतराव्या शतकातल्या पुण्याच्या सावकाराची लेक काही आपल्या आबासाहेबांसारखं बोलत नसणार. शुद्ध बोलणं म्हणजे खानदानी आणि गावरान बोलणं म्हणजे अडाणी, ही आपली नंतरची समजूत. माझ्या आजीचं माहेर चांगलं बारा बैलांचं होतं, तरी आमच्या घरात ती अडाणीच ठरली.

दुसरं, टिंगलीबद्दल. कीर्तनात आवलीवर हसतात ते बुवांच्या बाजूने बसून हसतात. सिनेमात तसं होत नाही. शिवाजी महाराजांकडून नजराणा येतो तो प्रसंग आठवा. पोरं हरखलेली, जिजाई हरखलेली, आणि तुकोबा ते परत पाठवतात. त्या वेळी तिचा चेहरा बघा. तिथे तुमचं मन कुणाकडे जातं? माझं तर दरवेळी तिच्याकडे. तुकोबा बरोबर आहेत हे मान्य करूनही.

फालका बाजार

बारा बैलांवर माघार घेतो. नजराण्यावर नाही. लेखकाने तो प्रसंग तिच्या हावेसाठीच लिहिलाय.

गोठवाली

लेखकाने लिहिला असेल. तिने तसा केला नाही.

रेशीमगाठ

वरचं शेवटचं वाक्य +१.

उज्जैनकर

आपल्या ग्वाल्हेरच्या धाग्यावर वनमालाबाईंचं नाव अजून आलं नाही हे नवल! जन्म १९१५, उज्जैनचा. वडील ग्वाल्हेर दरबारातले मोठे अंमलदार, पवार घराणं. पहिला चित्रपट १९४० चा ‘लपंडाव’, मग सोहराब मोदींच्या ‘सिकंदर’मध्ये (१९४१) पृथ्वीराज कपूरसमोर, आणि १९५३ मध्ये ‘श्यामची आई’, ज्याला राष्ट्रपतींचं पहिलं सुवर्णपदक मिळालं. शेवटही ग्वाल्हेरलाच, २००७ मध्ये. धागा काढायचा तर त्यांच्यावर काढा, पुण्याच्या गौरीवर कशाला?

गोठवाली

उज्जैनकर दादा, वनमालाबाईंवर वेगळा धागा जरूर काढा, मी सगळ्यात आधी येईन. पण बघा ना, तुम्ही एका दमात त्यांचं जन्मसाल, जन्मगाव, वडील, घराणं, पदक, सगळं सांगितलंत. कारण ते नोंदलेलं आहे. मोठ्या घरची बाई सिनेमात गेली की ती बातमी होते. दुर्गाबाई खोट्यांचंही तेच. कष्टकऱ्यांतली बाई सिनेमात गेली की ती फक्त कामावर जाते. मला त्या कामावर जाणारीबद्दल बोलायचं होतं.

आणि १९३६ मध्येच ‘प्रभात’चा ‘अमरज्योती’ आला, त्यात दुर्गाबाई समुद्रावरच्या बंडखोर राणीच्या भूमिकेत. एकाच वर्षी एकाच कंपनीच्या दोन बंडखोर बाया. एकीच्या हाती तलवार, दुसरीच्या वहाण.

उज्जैनकर

वहाण जास्त लागली असणार. मान्य. माझा धागा गणपतीनंतर.

टॉकीजचा तिकीटवाला

(तिकीटवाला नाही, फक्त नाव आहे. वडील मात्र एका टॉकीजमध्ये प्रोजेक्टरवर होते, म्हणून.)

दुय्यम नटींचा विषय निघालाच आहे तर माझ्या आवडीची एक सांगतो. जिल्लोबाई. ‘आलम आरा’ आपल्याकडचा पहिला बोलपट, १४ मार्च १९३१, मुंबईचं मॅजेस्टिक. त्यात नायिका झुबेदा, नायक मास्टर विठ्ठल. त्यातच जिल्लोबाई होत्या आणि तरुण पृथ्वीराज कपूरही होते, तेही दुय्यमच कामात. आता तिथून एकदम १९६० च्या ‘मुघल-ए-आझम’वर या. पृथ्वीराज अकबर झालेत. जोधाबाई कोण? दुर्गा खोटे. आणि अनारकलीची आई? जिल्लोबाई! बोलपटाच्या पहिल्या दिवशी हजर असलेली बाई तीस वर्षांनी मधुबालाची आई होऊन उभी आहे. पृथ्वीराजना लोक ओळखतात, दुर्गाबाईंना ओळखतात. जिल्लोबाईंना ओळखणारा मला आजवर एकच भेटला, माझे वडील. प्रोजेक्टरच्या खिडकीतून रोज तीन खेळ पाहिल्यावर माणसाला कोपऱ्यातली माणसंच दिसायला लागतात, असं ते म्हणायचे. हिरो-हिरोइनकडे बघून कंटाळा यायचा.

आणि ताई, आवाजाने आणलं म्हणालात तसं आवाजाने घालवलंही बरं का. सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, मूकपटातली सगळ्यात मोठी तारका. बोलपट आल्यावर हिंदुस्थानी जमेना म्हणून थांबून भाषा शिकावी लागली, मग ‘माधुरी’ बोलपट होऊन पुन्हा आला. पण ती आधीची झळाळी पुढे टिकली नाही. नंतरच्या आयुष्यात त्या छोट्या भूमिकांत दिसतात. एकीला जिभेने खाली उतरवलं, दुसरीला त्याच जिभेने घोळक्यातून वर काढलं.

मोरारचा मुकुंद

जिल्लोबाईंचं आजच कळलं. आता ‘मुघल-ए-आझम’ पुन्हा बघणे आले.

(‘बघणे आले’ हे शुद्ध ग्वाल्हेरी आहे, कोणी सुधारू नये.)

सहावी सखी

मी सहसा फक्त वाचते. पण ‘त्याच बोलण्यात अडकली’ हे वाचून लिहायला बसले.

मी इथल्या हौशी नाटकांत सव्वीस वर्षं काम करते आहे. संस्थेचं नाव नको, सगळे ओळखीचे आहेत. पहिल्या वर्षी मी एका मोलकरणीचं काम केलं. टाळ्या पडल्या. माझं माहेर बुऱ्हाणपूरकडचं, त्यामुळे ती बोली मला येते, त्यात विशेष काही नाही. त्यानंतर सव्वीस वर्षांत मी मोलकरीण, मोलकरणीची आई, शेजारीण, खाष्ट आत्या, भाजीवाली आणि दोनदा सासू केली. एकदाही नायिका किंवा नायिकेची मैत्रीणसुद्धा नाही. दरवर्षी नाटक ठरलं की दिग्दर्शक कौतुकाने म्हणतात, ‘तुमच्यासाठी झकास रोल आहे!’ आणि मला कळतं, लुगडं नेसायचं आहे.

यात कोणाचा दुष्टावा नाही. ते खरंच कौतुक करतात. पण ‘तुमच्याइतकं हे दुसऱ्या कोणाला जमत नाही’ हे वाक्य ऐकलं की मला दार लावून घेतल्यासारखं वाटतं.

गौरीला जिजाईनंतर पाच वर्षांनी सासू दिली म्हणालात. तिलाही असंच कोणी कौतुकाने सांगितलं असेल का?

तंबोरा

सहावी सखी, तुमचं वाचून मी गप्प झालो. तुम्हाला तीन नाटकांत पाहिलं असणार आणि मीही टाळ्या वाजवल्या असणार.

सासूच्या भूमिकेबद्दल एक. ‘संत सखू’ची गोष्ट सगळ्यांना ठाऊक. सखूला पंढरीला जायचंय, सासू जाऊ देत नाही, छळते, आणि विठोबा सखूचं रूप घेऊन घरात राबतो. आता गौरीच्या बाजूने बघा. जिजाई म्हणून तिने विठोबाला वहाण दाखवली ती भुकेल्या पोरांसाठी. सासू म्हणून ती विठोबाच्या आड येते ती निव्वळ खाष्टपणाने. आवाज तोच, खणखणीत. पण जिजाईच्या ओरड्यामागे रिकामा डबा होता, सासूच्या ओरड्यामागे लेखकाने काही ठेवलंच नाही. ‘दुष्ट सासू’ म्हटलं की झालं. नटीने करायचं काय? तरी ती जिवंत आहेच, पण जिजाईसारखी मनात घर करत नाही. हा दोष तिचा नाही.

मला वाटतं चित्रपटसृष्टीला तिच्यातलं जे ऐकू आलं तो होता आवाजाचा वरचा सूर. खालचा षड्ज कोणी ऐकलाच नाही.

टॉकीजचा तिकीटवाला

ललिता पवारांचंही बघा. मूकपटापासूनची नायिका. १९४२ मध्ये एका चित्रीकरणात सहनटाची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला लकवा, डाव्या डोळ्यात कायमचा दोष. तिथून पुढे खाष्ट सासू, आणि अखेर ‘रामायण’ मालिकेतली मंथरा. पण त्यांना निदान सासूचं राज्य तरी मिळालं. ललिता पवार म्हटलं की अख्खा देश घाबरायचा, त्यांच्या नावावर तिकीट विकलं जायचं. गौरीच्या वेळी ते राज्य अजून वसलेलं नव्हतं.

रेशीमगाठ

मग उलटी बाजूपण सांगा ना कोणीतरी. दुय्यम काम केलं आणि त्याबाहेरही आयुष्य मोठं झालं अशी एकही नाही का?

फालका बाजार

आहे की. ‘कुंकू’तली शकुंतला परांजपे. म्हाताऱ्या काकासाहेबांची (केशवराव दाते) सुशिक्षित लेक, सुशीला. नायिका शांता आपटे. कैक जण विसरतात की ही शकुंतला म्हणजे रँग्लर परांजप्यांची कन्या, कुटुंबनियोजनासाठी आयुष्यभर झटली, पुढे राज्यसभेवर गेली, १९९१ ला पद्मभूषण. सई परांजपे यांची आई.

पण हे उदाहरण माझ्याच विरोधात जातंय हे मला लिहिताना कळलं. तिच्यामागे वडील होते, शिक्षण होतं. सिनेमा तिच्यासाठी एक मुक्काम होता. गौरीसाठी तो पगार होता.

गोठवाली

अहो फालका बाजार, तुम्ही माझ्याच बाजूने लिहायला लागलात.

‘कुंकू’चं नाव निघालं म्हणून. त्यात विमला वसिष्ठ आहेत, काकूच्या कामात. नायिकेला, नीराला, त्या म्हाताऱ्याशी झालेल्या लग्नात ढकलून ठेवायला घरातलीच बाई लागते, आणि ती काकू ते करते. दुय्यम नटींवर एक बारीक अन्याय असाही असतो की कथेतलं सगळं जुनाट, कडवट त्यांच्या पदरात टाकायचं म्हणजे नायिका उजळून दिसते. नायिकेचं बंड खरं वाटायचं असेल तर कोणीतरी भिंत व्हावं लागतं. भिंत नीट झाली नाही तर बंड खोटं दिसतं. शांता आपट्यांचं कौतुक करताना ही भिंत कोणी मोजत नाही.

सहावी सखी, तुम्ही विचारलंत की तिलाही असं कौतुकाने सांगितलं असेल का. तिच्या तोंडून आलेलं काही माझ्याजवळ नाही. हंसा वाडकर, दुर्गा खोटे, लीला चिटणीस, शांता हुबळीकर, या सगळ्यांनी आत्मचरित्रं लिहिली. नायिकांनी. त्यांच्या मागे-पुढे उभ्या असलेल्या बायांकडे कोणी लेखनिक पाठवला नाही.

घाटावरचा

गोठवाली ताई, मी साताऱ्याचा, नोकरीसाठी तीन वर्षं झाली इथे आलोय. एक विचारायचं होतं. आजी पुढे बोलायला लागल्या का घरात? म्हणजे त्यांच्या बोलीत?

गोठवाली

दादा, थोडं. आबासाहेबांसमोर नाही, पण स्वैपाकघरात. आम्हा नातवंडांशी तर पूर्णच. माझी आई, जी इथलीच, शिंदे की छावणीत वाढलेली, ती सुरुवातीला आम्हाला सांगायची की आजीसारखं बोलू नका, शाळेत हसतील. शाळा हिंदी, तिथे मराठी कुठलीही असती तरी हसलेच असते.

एक आठवतं. आजीचे शेवटचे महिने होते, मी तिला टॅबवर ‘संत तुकाराम’ लावून दिला. तिला दिसत फारसं नव्हतं. ती कानानेच बघत होती, तंबोरा काकांसारखी. अभंग लागले की म्हणायची, फुडं घे. मी म्हटलं, आजी, अगं अभंग आहेत, पुढे काय घे? तर म्हणे, ‘त्यो गातुय ते मला पाठ हाय. ती कुठं बोलती ते लाव.’

मी लावलं. वहाणेचा प्रसंग संपल्यावर तिने विचारलं, ही पोरगी खरी कुठली गं? मी म्हटलं, माहीत नाही आजी, नुसतं गौरी लिहितात. ती म्हणाली, ‘आडनाव इचारायचं राहिलं व्हय रं कुनाचं,’ आणि झोपली.

तंबोरा

ताई, रविवारी सकाळी येताय का बाड्यावर? माझ्याकडे मोठा पडदा नाही, पण स्पीकर चांगले आहेत. फालका बाजार, तुम्हीपण या. नजराण्याचा प्रसंग परत लावू आणि भांडू.

फालका बाजार

येतो. गजक मी आणतो. पण हाव आहेच तिथे, आधीच सांगून ठेवतो.

सहावी सखी

मला पण यायचं आहे. लुगडं नेसणार नाही.